पार्कची स्कोअरवही

अक्कलकोट रोड एमआयडीसीत चहाच्या सुट्टीत क्रिकेटचा विषय निघाला की मी हमखास विचारतो, पॉली उम्रीगर जन्माने कुठले? उत्तर येतं, मुंबई! अहो, आपल्या सोलापूरचे, २८ मार्च १९२६. कसोटीत द्विशतक ठोकणारे पहिले भारतीय (२२३, हैदराबाद, १९५५).

अशा नोंदी टिकतात त्या आनंदजी डोसांसारख्या आकडे जपणाऱ्या माणसांमुळे. अमेरिकेत तर १९७१ साली सोळा जणांनी बेसबॉलच्या इतिहासासाठी संस्थाच काढली.

आपल्या पार्क स्टेडियमवर जानेवारी २०२४ मध्ये महाराष्ट्र-मणिपूर रणजी सामना झाला. त्याचा धावफलक कुठेही सापडेल. पण तिथल्या स्थानिक सामन्यांच्या वह्या? रणजीची नोंद कुणीतरी ठेवतंच, गावच्या खेळाची आपणच ठेवायची. तेव्हा मंडळी, माळ्यावर जुनी स्कोअरवही सापडली तर रद्दीत घालू नका!