स्वयंपाकघरातले अपघात आणि त्यांची नोंद

वाचकहो, शीव कोळीवाड्याचं नाव काढलं की पुष्कळांना तळलेली कोळंबी आठवते. ती आठवू द्या. कढईतल्या त्या तेलाची गोष्ट पुढे यायचीच आहे. कोळीवाड्यापासून जवळच महानगरपालिकेचे लोकमान्य टिळक रुग्णालय आहे. मुंबईकर त्याला शीवचं इस्पितळ म्हणतात. ते १९४७ साली लष्करी बराकींत सुरू झाले, १९६४ साली त्याला वैद्यकीय महाविद्यालय जोडले गेले आणि २००० साली तिथे त्वचापेढी निघाली. माणूस गेल्यावर दान केलेली कातडी जपून ठेवायची आणि भाजलेल्याच्या उघड्या जखमेवर ती पांघरायची, हे त्या पेढीचे काम.

पण आज बोलायचं आहे ते मलमपट्टीविषयी नव्हे, केसपेपरविषयी. भाजलेलं माणूस आणलं की डॉक्टर लिहितात: अमुक टक्के भाजले. का भाजले, हेही लिहितात. पुढे रुग्णालयातला कारकून त्या लिहिण्याला अक्षर आणि आकडे देतो. ही अक्षरं जगभर एकच आहेत आणि त्यांना मोठा इतिहास आहे.

पॅरिस शहराच्या सांख्यिकी खात्याचे प्रमुख जाक बेर्तियों यांनी १८९३ साली शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली. देशादेशांचे आकडे शेजारी ठेवून पाहता यावेत, एवढाच हेतू. ती यादी वेळोवेळी सुधारत गेली. १९४८ साली सहावी आवृत्ती जागतिक आरोग्य संघटनेच्या हाती आली, आणि तिच्यात इजेसाठी दोन स्वतंत्र प्रश्न आले: शरीराला काय झालं, आणि ते कशानं झालं? माझ्या मते सगळ्या यादीतला शहाणपणाचा भाग हाच. हाताची जखम डॉक्टर बरी करतील. पण ती तव्यानं झाली की वाफेनं, हे कळल्याशिवाय दुसऱ्या घरातला हात वाचायचा नाही.

२०२२ पासून अकरावी आवृत्ती लागू आहे, पण समजायला १९९० साली संमत झालेली दहावी सोपी, म्हणून उदाहरणं तिच्यातली घेऊ. भाजल्याची जखम ‘टी’ या अक्षराखाली जाते. कारणाला दुसरं अक्षर. उकळता चहा, दूध किंवा कढईतलं तेल अंगावर सांडलं तर एक्स १०. वाफेनं पोळलं तर एक्स १३. तापलेल्या शेगडीला किंवा पातेल्याला हात लागला तर एक्स १५. अंगावरच्या कपड्यानं पेट घेतला तर एक्स ०६. गॅसचा सिलिंडर फुटला तर डब्ल्यू ३६. मिक्सरच्या पात्यानं बोट कापलं तर डब्ल्यू २९. त्याच खणात कपडे धुण्याचं यंत्रही आहे! सुरीच्या खणात तलवार आणि खंजीर आहेत. आपल्या विळीचं नाव मात्र कुठेच नाही. ती कुठे बसवायची, हे कारकुनानंच ठरवायचं.

आता स्टोव्ह घ्या. हवा भरायचा रॉकेलचा स्टोव्ह स्वीडनमध्ये १८९२ च्या सुमारास निघाला आणि पुढे मुंबईच्या चाळींतल्या खोल्याखोल्यांत पोचला. जमिनीवर स्टोव्ह, समोर बसलेली बाई, खांद्यावरून घसरणारा पदर. त्यात पातळ नायलॉनचं असलं तर ते वितळून कातडीलाच चिकटायचं. ‘स्टोव्हचा भडका उडाला’ हे वाक्य वर्तमानपत्रांत इतक्यांदा छापून आलं की ते वाचून कुणी थांबेनासं झालं. अनेकदा ते खरंही असे. पण अनेकदा नसे, आणि हुंड्यापायी सुना जाळल्या जातात हे उघड झाल्यावर कायदा बदलावा लागला: १९८३ साली दंडसंहितेत ४९८-अ हे कलम आलं, १९८६ साली हुंडाबळीचं ३०४-ब. १ जुलै २०२४ पासून ही तरतूद भारतीय न्याय संहितेत आहे.

यादीतही याला जागा आहे. अपघाती आगीला एक्स शून्यापासूनचे आकडे, स्वतः पेटवून घेतलं तर एक्स ७६, दुसऱ्यानं पेटवलं तर एक्स ९७, आणि काहीच ठरवता आलं नाही तर वाय २६. जखम तीच, टक्के तेच. बदलतो तो कारणाचा आकडा, आणि तो येतो कुणीतरी सांगितलेल्या वाक्यातून. ते वाक्य खाटेवरची बाई सांगते, तेव्हा पुष्कळदा सासरची माणसं जवळच उभी असतात. घरी लहान मूल असतं. शेजारीणही गप्प राहते.

२००९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात एक अभ्यास प्रसिद्ध झाला. २००१ या एका वर्षात भारतात आगीनं सुमारे १,६३,००० मृत्यू झाले असावेत, त्यांत सुमारे १,०६,००० स्त्रिया, आणि त्या बहुतेक १५ ते ३४ वयाच्या, असा त्याचा अंदाज होता. पोलिसांच्या दफ्तरातल्या आकड्याच्या हा सहापट! माणसं तीच, पण एका दफ्तरात आहेत आणि दुसऱ्यात नाहीत.

गुरुजी, बाई, आपल्या गावात जन्ममृत्यूच्या नोंदींचं काम आपण जवळून पाहिलं असेल. रुग्णालयात मृत्यू झाला की डॉक्टरांनी कारणाचं एक प्रमाणपत्र भरायचं असतं. त्यात मृत्यूचा प्रकार विचारलेला असतो: नैसर्गिक, अपघात, आत्महत्या, खून की चौकशी चालू. त्याच्याच शेजारी एक छोटा रकाना असतो: इजा कशी झाली? त्यात नुसतं ‘भाजल्यामुळे’ एवढंच लिहिलेलं असेल, तर कारकुनाला ‘टी’ तेवढा लिहिता येतो.