रोहिणखेड : दोन लढाया आणि एक मशीद

काही गावे इतिहासग्रंथांत शिरतात ती केवळ रणांगण म्हणून. बुलढाणा जिल्ह्याच्या मोताळा तालुक्यात धामणगाव बढे आहे. त्याच तालुक्यात, अजिंठ्याच्या डोंगररांगेच्या पायथ्याशी वसलेले रोहिणखेड हे असेच एक गाव. खानदेश आणि वऱ्हाड यांच्या सीमेवरील या गावी दीडशे वर्षांच्या अंतराने दोन लढाया झाल्या.

पहिली १४३७ मधील. खानदेशच्या नासीरखान फारुकीची कन्या बहमनी सुलतान अलाउद्दीन अहमद याला दिलेली होती. तिची उपेक्षा होते या कारणावरून नासीरखानाने वऱ्हाडावर स्वारी केली. बहमनी सेनापती खलफ हसन याने त्याला रोहिणखेडला पराभूत करून बुऱ्हाणपूरपर्यंत पिटाळले. हा विजय परदेशी, म्हणजे आफाकी, सैनिकांचा मानला गेला आणि दख्खनी-आफाकी वैराला त्याने अधिकच धार आणली.

दुसरी लढाई १५९१ ची. जौनपूरच्या सय्यद मुहम्मदाला महदी मानणाऱ्या महदवी पंथाचा जमालखान तेव्हा अहमदनगरचा सर्वाधिकारी होता. बाल सुलतान इस्माईलच्या नावाने तो कारभार पाही. इस्माईलचा पिता बुऱ्हाण याने खानदेशच्या राजा अलीखानाच्या साहाय्याने रोहिणखेडजवळ त्याच्याशी सामना दिला. जमालखान रणात पडला, बुऱ्हाण सिंहासनावर बसला आणि निजामशाहीतील महदवी वर्चस्व संपले.

या घटनांचा एक प्रमुख निवेदक फिरिश्ता हा आहे. तो १५८९ मध्ये अहमदनगर सोडून विजापूरला गेला आणि इब्राहीम आदिलशहाच्या आश्रयाने त्याने आपला ग्रंथ रचला. विजापूर दरबार जमालखानाच्या विरोधात होता, ही गोष्ट त्याच्या आख्यानाचा अन्वयार्थ लावताना दृष्टिआड करता येत नाही. येथे रोमन इतिहासकार लिव्ही याची तुलना उद्बोधक ठरते. आल्बा लाँगा या प्राचीन लॅटिन नगरीचा रोमने केलेला विध्वंस त्यानेही जेत्यांच्याच राजधानीची बाजू घेऊन सांगितला. तथापि घरे सोडून निघालेल्या नगरवासीयांना त्याने आपल्या आख्यानात स्थान दिले. फिरिश्ताच्या आख्यानाचे केंद्र मात्र राजवंश आहे. त्यात रोहिणखेड हे स्थलनाम म्हणून येते, वस्ती म्हणून नव्हे.

या आख्यानाला छेद देणारी एक वास्तू गावातच उभी आहे : खुदावंदखान महदवी याने १५८२ मध्ये बांधलेली मशीद. जमालखान पडला तेव्हा ती अवघी नऊ वर्षांची होती. ज्या पंथाची सत्ता या गावाच्या शिवारात लयाला गेली, त्याच पंथाच्या सरदाराचे नाव गावाच्या दगडात टिकून राहिले. ग्रंथ जेत्यामागे गेला. दगड मागे राहिला.

परंतु म्हणून दगडाला ग्रामस्थांचा साक्षीदार मानणे भाबडेपणाचे होईल. मशीद ही सरदाराची निर्मिती आहे, ग्रंथ दरबाराची. दोन्ही सत्तेच्याच संहिता होत. फरक इतकाच, की एक विजयी सत्तेची आहे आणि दुसरी पराभूत सत्तेची. या दोन संहितांमधील विसंगती जेथे उघडी पडते, तेथून रोहिणखेडच्या वाचनाला आरंभ होऊ शकतो. फौजा ज्यांच्या शेतांतून गेल्या, त्यांचा शब्द मात्र दोहोंतही नाही. आणि हे मौन वाचणे हीच येथे समीक्षेची खरी कसोटी आहे.