जिच्या कात्रीमुळे ‘जाने भी दो यारों’ आजही हसवतो, त्या रेणू सलुजा कोण होत्या?

स्टेजवर महाभारत सुरू आहे. द्रौपदीच्या साडीत चक्क एक मुडदा आहे आणि तो पळवायला सगळे एकमेकांवर तुटून पडलेत. ‘जाने भी दो यारों’चा हा सीन आठवला की नसीरुद्दीन शाह, रवी बासवानी, सतीश शाह डोळ्यांसमोर येतात. दिग्दर्शक कुंदन शाह यांचंही नाव निघतं. एडिटर रेणू सलुजा मात्र कुणाला आठवत नाहीत.

१९५२ साली जन्मलेल्या रेणू यांना पुण्याच्या एफटीआयआयमध्ये दिग्दर्शन शिकायचं होतं. तिथे प्रवेश मिळाला नाही, म्हणून त्यांनी एडिटिंग घेतलं. १९७६ मध्ये कोर्स संपला. १९८० च्या ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’पासून त्या स्वतंत्रपणे काम करू लागल्या.

विनोदात एडिटर करतो काय?

पंच पडला की समोरच्याचा चेहरा किती वेळ दाखवायचा, कुठे थांबायचं, कुठे पळायचं, हे एडिटिंगमध्ये ठरतं. एखादा सेकंद इकडचा तिकडे झाला तरी जोक पडतो. आज रील बनवताना हे मोबाईलवर हवं तितक्यांदा करून बघता येतं. तेव्हा फिल्म हाताने कापून चिकटवावी लागायची.

कधी अख्खं पात्रच कापावं लागतं. ‘जाने भी दो यारों’साठी अनुपम खेर यांनी ‘डिस्को किलर’चा रोल शूट केला होता. सिनेमा लांबला आणि एडिटिंगमध्ये तो पूर्ण गेला. पडद्यावर त्याची उणीव कुठेच जाणवत नाही.

गंमत म्हणजे त्याच १९८३ मध्ये आलेला ‘अर्धसत्य’ही रेणू यांनीच एडिट केला. श्री. दा. पानवलकरांची कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा आणि हसायला जागाच नाही, असा तो सिनेमा. दोन टोकांचे दोन सिनेमे, एडिटर एकच. पुढे कुंदन शाह यांच्याच ‘कभी हाँ कभी ना’चं एडिटिंगही त्यांनी केलं.

‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या सिनेमांसाठी त्यांना एडिटिंगचे ४ राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. १६ ऑगस्ट २००० रोजी कॅन्सरने त्यांचं निधन झालं, तेव्हा त्या अवघ्या ४८ वर्षांच्या होत्या.

त्यांच्या कामावर नंतर एक पुस्तक निघालं. नाव आहे ‘इन्व्हिजिबल’, म्हणजेच अदृश्य.