वसंतसेनेच्या वाड्याचें क्षेत्रफळ

कादंबरींत वर्णिलेल्या वाड्याची मोजणी करतां येते काय, असा प्रश्न कोणी काढिला तर दप्तरें चाळणारा संशोधक बहुधा हंसेल. जो वाडा कधीं उभाच राहिला नाहीं त्याचें जोतें शोधावयाचें कोठें? आम्हीही पुष्कळ वर्षें असेंच समजत होतों. परंतु प्रश्न दिसतो तितका पोरकट नाहीं. मोचनगडापासून (इ. स. १८७१) आजपर्यंत मराठींत ऐतिहासिक कादंबऱ्यांची रीघ लागली आणि त्यांतील वाडे वाचून वाचून पेशवाईंतील घराचें एक चित्र आपल्या मनांत ठसून गेलें आहे. अस्सल कागदांत ‘दुघई सोपा’ एवढे दोनच शब्द आले तर त्यांना रूप आपण त्या चित्रावरून देतों. म्हणजे कल्पित वाडा आपल्या नकळत खऱ्या वाड्याचा साक्षीदार होऊन बसला आहे. आणि साक्षीदार म्हटला कीं त्याची उलटतपासणी झालीच पाहिजे.

ही तपासणी आम्हीं आधुनिक कादंबरीवर न करितां जुन्या संस्कृत ग्रंथावर केली आहे. कारण इतकेंच कीं, तेथें आमचा पाय अधिक घट्ट रोवलेला आहे. शिवाय ‘कादंबरी’ हें नांव मराठीनें बाणभट्टापासूनच उचललें. बाणाकडे आम्ही शेवटीं येऊं. मुख्य परीक्षा मृच्छकटिकाच्या चौथ्या अंकांतील वसंतसेनेच्या घराची. मृच्छकटिक हें प्रकरण खरें, तथापि विदूषक मैत्रेय त्या घराचे आठ प्रकोष्ठ पाहत जातो तो भाग प्राकृत गद्यांत असून त्याचा सारा थाट कादंबरीचा आहे. प्रयोगांत तेवढा मजकूर पडद्यावर दाखवितां येत नाहीं. तो ऐकूनच डोळ्यांपुढें उभा करावा लागतो.

प्रकोष्ठांचा क्रम असा: पहिल्यांत शुभ्र प्रासादांच्या ओळी व बसल्या जागीं डुलक्या घेणारा दौवारिक, दुसऱ्यांत गाडीचे बैल, म्हैस, एडका, घोडे, बांधलेलें माकड व भाताचे गोळे खाणारा हत्ती, तिसऱ्यांत बैठका व सोंगट्यांचा पट, चौथ्यांत मृदंग, बांसरी, वीणा आणि नृत्याची तालीम, पांचव्यांत हिंगातेलाच्या वासाचा मुदपाकखाना, सहाव्यांत रत्नपारखी, सोनार व सुगंधी द्रव्यें कुटणारे, सातव्यांत पोपट, मैना, मोर, हंस, आठव्यांत वसंतसेनेचा भाऊ आणि तिची आई. त्यापलीकडे झोपाळे व तळें असलेली वृक्षवाटिका.

शाळेंत हा अंक शिकवितांना आम्ही फळ्यावर एकामागें एक अशा आठ चौकटी काढीत असूं. प्रकोष्ठ म्हणजे आपला चौक, आठ चौक एका रेषेंत, शेवटीं बाग. एके वर्षीं एका मुलानें विचारिलें, ‘‘गुरुजी, मग हत्ती बाहेर पडतांना वळतो कोठें?’’ वर्ग हंसला, आम्हीही हंसलों, आणि तास संपल्यावर त्या आठ चौकटी पुसून टाकिल्या. उत्तर मात्र आमच्याजवळ नव्हतें.

वर्णनांतून माप काढतांना पहिली अडचण अलंकाराची. दारास हस्तिदंती तोरण, कवाडें सोन्याचीं व हिरे जडविलेलीं, जिने रत्नांचे, गवाक्षें स्फटिकांचीं. हें सारें वजा केलें पाहिजे हें कोणीही सांगेल. परंतु वजा केल्यावर खालीं काय उरतें हें सांगणें कठीण. येथें नाशिकच्या रहिवाशास एक सोय आहे. पांडवलेण्यांतील तिसरें लेणें गौतमी बलश्रीनें आपला नातू वासिष्ठीपुत्र पुळुमावी याच्या १९ व्या राज्यवर्षीं भिक्षुसंघास दिलें. तेथील लेखांत हें लेणें ऐश्वर्यानें श्रेष्ठ विमानाच्या बरोबरीचें म्हटलें आहे. मैत्रेयही शेवटीं हेंच करतो. आठ प्रकोष्ठ पाहून त्यास स्वर्ग एकत्र केल्यासारखा व कुबेराच्या भवनाचा तुकडा आणल्यासारखा भास होतो. भेद इतकाच कीं, मैत्रेयाच्या स्वर्गास फीत लावतां येत नाहीं, बलश्रीच्या विमानास लावतां येते. तें विमान ४१ फूट रुंद व ४६ फूट खोल आहे. भोंवतीं १८ कोठड्या आहेत: उजवीकडे सात, मागें सहा, डावीकडे पांच, ओसरींत आणखी दोन. प्रवेशद्वाराभोंवतीं सांचीच्या धर्तीचें तोरण कोरलेलें आहे, तें पाहतांना वसंतसेनेच्या हस्तिदंती तोरणाची आठवण होते.

विहार म्हणजे चतुःशाल घराची दगडांतील प्रत, हें पुष्कळांनीं मान्य केलें आहे. मधला मंडप हा अंगण झांकून झालेला, कोठड्यांच्या ओळी ह्या तीन बाजूंचे सोपे, पुढील ओसरी ही चौथी बाजू. शूद्रकाच्या काळाचा वाद आम्ही येथें उकरून काढीत नाहीं. परंतु पश्चिम भारतांत राजमातेस जें घर विमानासारखें वाटलें त्याचा एक चौक ४१ × ४६ फूट होता, एवढें प्रमाण हातीं धरून पुढें जाण्यास हरकत नाहीं. आमच्या नाशिकच्या जुन्या वाड्यांत खण पांच फुटांच्या आसपास भरतो. त्या हिशेबानें हा चौक सुमारें आठ खण रुंद व नऊ खण लांब होईल. सरदाराच्या घरीं शोभेल असा, राजाच्या घरीं मध्यम.

आतां प्रत्यक्ष संहितेची साक्ष. आमचा अनुभव असा कीं, उपमा आणि उत्प्रेक्षा मापाविषयीं खोटें बोलतात, परंतु विनोद बोलत नाहीं. विनोदास उभें राहावयास खरी जमीन लागते. पहिल्या प्रकोष्ठांत दहींभाताचा बळी ठेविला आहे व कावळे तो खात नाहींत, कां तर त्यांस तो चुन्याचा गिलावा वाटतो. सोन्याच्या भुईवर ही चूक कावळ्यास होणार नाहीं. तेव्हां जिने रत्नांचे म्हणणाऱ्या कवीच्या मनांतलें अंगण साधें चुनेगच्ची होतें. दौवारिक श्रोत्रियासारखा बसून झोपतो, म्हणजे दारालगत बसण्याजोगी उंच जागा आहे. आपण तिला देवडी म्हणतों. पांचव्या प्रकोष्ठांत मैत्रेयास आशा वाटते कीं कोणी पाय धुण्यास पाणी देऊन जेवावयास बसवील. त्याअर्थीं स्वयंपाकाच्या चौकालगत पंगतीची जागा होती. नुसत्या चुलखंडापाशीं उभा असलेला ब्राह्मण अशी आशा करीत नाहीं.

सर्वांत मोलाची साक्ष आठव्या प्रकोष्ठांतील आहे. वसंतसेनेच्या आईचें पोट पाहून मैत्रेय म्हणतो कीं, महादेवाप्रमाणें हिला आधीं आंत बसवून मग दार बांधिलें कीं काय! या थट्टेचा विचार करावा. दुसऱ्या प्रकोष्ठांत हत्ती आहे. हत्ती खांद्यापाशीं नऊ फूट धरिला आणि वर माहूत बसविला तर पहिलीं दोन दारें तेरा फुटांहून कमी उंच असूं शकत नाहींत, रुंदीही त्या मानानें. अशींच दारें आठव्यापर्यंत असतीं तर एक स्थूल बाई त्यांतून आली कशी, असा विनोद कोणासच सुचला नसता. अर्थात् हत्तीची वाट दुसऱ्या चौकांत संपते व तेथून पुढें दारें माणसाच्या मापाचीं, किंबहुना अंमळ अरुंदच आहेत. ज्यानें जुन्या वाड्यांत माजघराच्या चौकटीवर एकदां कपाळ आपटून घेतलें आहे त्यास हें फोड करून सांगावें लागणार नाहीं.

शूद्रकास मापांचें भान नव्हतें असेंही नाहीं. तिसऱ्या अंकांत शर्विलक चारुदत्ताची भिंत फोडतो तेव्हां मापाची दोरी विसरल्यामुळें तो जानव्यानें मापें घेतो. पक्क्या विटा ओढून काढाव्या, कच्च्या कापाव्या, मातीची भिंत भिजवावी, लांकडी फोडावी, हा त्याचा विधि गंवड्यानेंही मान डोलवावी असा आहे. असा लेखक वाडा रचतांना अगदींच हवेंत रचील हें संभवत नाहीं.

आतां मांडणी. आमच्या फळ्यावरील आठ चौकटी धरून हिशेब करूं. चौकाची खोली ४६ फूट, भिंती धरून एका ओळीच्या सोप्यास १० फूट, दोन चौकांमधील सोपा सामाईक: लांबी ४५८ फूट, रुंदी ६१ फूट. ही इमारत नव्हे, बोळ झाला. शिवाय या मांडणींत रत्नपारख्यांस सहाव्या चौकांत जाण्यासाठीं पांचव्या चौकांतील स्वयंपाक ओलांडावा लागेल. सोनें आंत ठेवणें शहाणपणाचें, हें खरें. पण सोनाराची ये-जा चुलीवरून नेणें कोणत्याही गृहिणीस खपणार नाहीं, मग ती गणिकेची माता कां असेना. चारचार चौकांच्या दोन ओळी शेजारीं शेजारीं धरिल्या तर लांबी २३४ फूट व रुंदी ११२ फूट येते. हत्तीचा चौक पहिल्याच्या बाजूस बसतो, तो आल्या दारानें परत जातो आणि ४१ फुटांत सुखानें वळतो. मुलाच्या प्रश्नाचें उत्तर हें. द्यावयास फार उशीर झाला.

मैत्रेय क्रमानें पहिला, दुसरा असे मोजतो त्याची वाट काय? उत्तर संहितेंतच आहे. प्रत्येक ठिकाणीं दासी त्यास ‘या, ह्या प्रकोष्ठांत यावें’ म्हणून नेते. ती वाट दाखवीत नाहीं, वाडा दाखवीत आहे. पाहुण्यास घर दाखवितांना आपण ज्या क्रमानें फिरवितों तो बांधणीचा क्रम नसतो. क्षेत्रफळ मात्र दोन्ही रीतींनीं फारसें बदलत नाहीं: पहिल्या रीतीनें २७,९३८ चौरस फूट, दुसरीनें २६,२०८, म्हणजे बाग सोडून पाऊण एकराच्याही आंत. आकार चुकला तरी आकार्य बहुतांशीं सुटतें, ही गोष्ट कल्पित इमारती मोजूं पाहणारास धीर देणारी आहे.

याहून पुढें जाऊन आठही चौक खरोखर लागतात काय, असें विचारिलें तर आम्ही नाहीं म्हणूं. दाराचा, जनावरांचा, चुलीचा आणि घरच्या माणसांचा, हे चार एकमेकांत मिसळतां येत नाहींत. जुगार, गाणें, सोनारकाम आणि पक्षी यांस स्वतंत्र चौक लागत नाहीं. एकेक सोपा पुरतो. येथें बाणभट्ट उपयोगी पडतो. हर्षचरितांत तो स्वतः श्रीहर्षाच्या भेटीस जातो तेव्हां तीन कक्ष्या ओलांडून चौथींत राजा दिसतो. कादंबरींत चंद्रापीड पित्याच्या दर्शनास जातो तेव्हां सात कक्ष्या ओलांडतो. एकच लेखक, दोन राजकुलें. एक डोळ्यांनीं पाहिलेलें, दुसरें रचलेलें. हर्षाची ती भेट छावणींतील होती आणि चौथी कक्ष्या शेवटची होती असेंही बाण म्हणत नाहीं, म्हणून यावर फार भार टाकणें बरें नव्हे. वासुदेवशरण अग्रवाल यांनीं आपल्या हर्षचरितावरील हिंदी ग्रंथांत (१९५३) राजकुलाचा आराखडा मांडला आहे, तो या बाबतींत अवश्य पाहावा. तरीही कल्पना चौक वाढवीत जाते, चौकांतलें काम वाढवीत नाहीं, हें अनुमान आम्हांस टाकवत नाहीं.

याच्या नेमका उलट प्रकार पुण्यास आहे. शनिवारवाड्याचा पाया १७३० च्या जानेवारींत घातला गेला आणि १८२८ च्या फेब्रुवारींत लागलेल्या आगींत आंतील इमारती जळाल्या. तेथें जोतीं आहेत, मोजणी पाहिजे तितकी करावी. कोणत्या जोत्यावर कोण बसत असे याविषयीं मात्र कागद हात राखून बोलतात, आणि ती उणीव कादंबरीकार भरून काढतात. भरलेला भाग तपासतांना वर्णनांतील झुंबरें व आरसे सोडून द्यावे आणि कोणी कोठें अडखळला, कोणास कोणाचा आवाज भिंतीपलीकडून ऐकूं आला, ताट कोठून कोठें नेतांना निवलें, हें टिपावें. माप तेथें सांपडतें, किंवा लेखकानें वाडा पाहिलाच नव्हता हें उघड होतें.

आमच्या मांडणींत सर्वांत कच्चा दुवा सहाव्या प्रकोष्ठाचा आहे. सोनारास घरीं बोलावून दागिने घडविण्याची चाल आपल्याकडे मोठ्या घरांतून होती. जुन्या खरेदीखतांत व वाटणीपत्रांत घर खणांनीं मोजलेलें असतें व कधीं कधीं चौकांचीं कामेंही लिहिलेलीं असतात. ज्यांच्या संग्रहीं अशीं पत्रें असतील त्यांनीं सोनारास बसावयास कोणत्या चौकांत जागा देत, दर्शनी कीं आंतील, आणि त्या जागेस वेगळें दार होतें काय, एवढें पाहून कळवावें. दर्शनी चौक निघाला तर दोन ओळींची मांडणीही बदलावी लागेल.