कोसभरावरचं विस्थापन

विस्थापनावरचा माहितीपट म्हटला की चढतं पाणी दिसतं, नाहीतर बुलडोझर. आनंद पटवर्धन यांच्या 'हमारा शहर'मध्ये (१९८५) मुंबईच्या झोपड्या पडतात. सिमंतिनी धुरू यांच्यासोबत केलेल्या 'अ नर्मदा डायरी'त (१९९५) मणिबेली गावावर धरणाचं पाणी येतं. कॅमेऱ्याला असा प्रसंग लागतोच. वर्धा जिल्ह्यातल्या नाचणगावात मात्र त्याच्या हाती काही लागलं नसतं. तरीही विस्थापनाच्या इतिहासात या गावाची नोंद हवी, असं माझं मत आहे.

१८६२ साली नागपूरपासून तोडून वर्धा जिल्हा झाला, तेव्हा कचेरी इथून जवळच्याच कवठ्यात होती. १८६६ला ती पालकवाडीला, म्हणजे आजच्या वर्ध्याला हलली. १८६७ला रेल्वे नागपूरला पोचली. वर्धा नदीवर पूल झाला, त्यावरून पुलगाव नाव पडलं आणि जुन्या नाचणगावापासून कोसभरावर नवी पेठ वसली. त्याआधी या मुलखाचा कापूस बंजाऱ्यांच्या बैलांवर, पाठीच्या दोन्ही अंगांना गोण्या लोंबकळत, थेट गंगेकाठच्या मिर्झापूरपर्यंत जाई. तांडा उतरला की वैरण विकली जाई, लोहाराला काम मिळे. रुळांनी बंजाऱ्यांचा धंदा बुडवला, आणि हिंडणाऱ्या माणसाकडे संशयाने पाहणारा गुन्हेगार जमाती कायदा १८७१ला आला. पुढे काही भागांत तो बंजाऱ्यांवरही लागला.

कुणी म्हणेल, रेल्वेने काम नेलं तसं आणलंही. खरं आहे. पुलगावात जिनिंग आलं, कापडगिरणी आली, १९१७ला आर्वीची छोटी गाडी सुरू झाली. कोसभर चालून रोजगार मिळत असेल, तर विस्थापन कसलं? पण अडत्याला गोदाम हलवता येतं, बलुतेदाराला हक्क हलवता येत नाही. सुतार वर्षभर वखर-तिफण दुरुस्त करी आणि सुगीला खळ्यावर धान्याचा वाटा घेई; तो वाटा गावाशी बांधलेला. पुलगावात तोच सुतार रोजंदारीवरचा माणूस. मणिबेलीशी याची बरोबरी नाही, तिथे जमीनच बुडाली. नाचणगाव जागेवर आहे, उलट आज पुलगावची वस्ती त्याला येऊन भिडली आहे. मात्र बुडालेल्या शेताचा सातबारा असेल, तर निदान तो दाखवता येतो. खळ्यावरच्या पायलीचा दावा लावायला सुतार कुठे जाणार होता? कवठ्याची कचेरी तर आधीच उठून गेली होती.