चौदा सदरे

इंग्रजीत 'जर्नीमन' असा एक शब्द आहे. ऐकणाऱ्याला वाटतं, जर्नी म्हणजे प्रवास, तेव्हा हा कुणी प्रवासी असणार. पण शब्दाचं मूळ जुन्या फ्रेंचमध्ये आहे आणि तिथे त्याचा अर्थ दिवस, एका दिवसाचं काम. म्हणजे हा आपल्याकडचा रोजंदारीवरचा कारागीर झाला. उमेदवारी संपलेली, हात बसलेला, पण स्वतःचं दुकान नाही. ज्याच्याकडे काम निघेल त्याच्याकडे जायचं. अमेरिकेतल्या बेसबॉलमध्ये या संघातून त्या संघात फिरत राहणाऱ्या खेळाडूला हा शब्द लावतात, आणि लावताना त्यात थोडी हेटाळणीही असते.

मला ज्याच्याविषयी लिहायचं आहे त्याचं नाव एडविन जॅक्सन. काम पिचरचं, म्हणजे चेंडू फेकण्याचं. २००३ ते २०१९ अशा सतरा हंगामांत तो चौदा निरनिराळ्या संघांकडून खेळला. तिथल्या मेजर लीगमध्ये संघ आहेत एकूण तीस, म्हणजे जवळजवळ निम्मे याने पालथे घातले. इतके सदरे त्याच्याआधी कुणाच्याच अंगावर चढले नव्हते. खात्यावर विजय १०७ आणि पराभव १३३. आता पराभवच जास्त असलेल्या माणसाबद्दल काय लिहायचं, असं कुणी म्हणेल. पण मला तो पहिल्यापासून आवडतो, त्याला काय करणार!

त्याचे वडील अमेरिकन सैन्यात होते. त्यामुळे जन्म जर्मनीतल्या न्यू-उल्म गावी, १९८३ साली, आणि शाळा जॉर्जियातल्या कोलंबसला. लॉस एंजेलिसच्या डॉजर्स संघाने २००१ मध्ये त्याला सहाव्या फेरीत निवडलं. मेजर लीगमधला पहिला सामना तो खेळला ९ सप्टेंबर २००३ रोजी, बरोबर विसाव्या वाढदिवशी. समोरचा पिचर होता रँडी जॉन्सन, त्या काळातला दबदबा असलेला उंचच उंच डावखुरा. गंमत बघा, जॉन्सनला दुसऱ्याच दिवशी चाळीस पूर्ण व्हायची होती. वीस आणि चाळीस आमनेसामने, आणि सामना पोराने जिंकला.

अशी सुरुवात झाल्यावर लोक काय काय अपेक्षा करतात ते सांगायला नको. वर्गातल्या हुशार मुलाचं असंच होतं. पुढची दोन वर्षं त्याला सूर सापडला नाही आणि जानेवारी २००६ मध्ये डॉजर्सनी त्याला टँपा बेला देऊन टाकलं. तिथे २००७ मध्ये विजय ५ आणि पराभव १५. पुढच्याच वर्षी विजय १४, आणि कायम तळाला असलेला तो संघ चक्क वर्ल्ड सिरीजपर्यंत पोहोचला. त्या डिसेंबरात त्याला डेट्रॉइटला पाठवलं.

२००९ च्या उन्हाळ्यात आम्ही दोघं मुलीकडे गेलो होतो. ती डेट्रॉइटजवळच राहते. संध्याकाळी जावईबापू टीव्हीसमोर बसत आणि मला खेळ समजावून सांगत. क्रिकेटवर पोसलेल्या माणसाला हा चेंडू टप्पाच खात नाही हे पचायला वेळ लागतो. पण पिचर आणि बॅटर यांच्यातला तो दबा धरून बसण्याचा खेळ दोन आठवड्यांत मला आवडायला लागला. एडविनचं ते बहराचं वर्ष होतं. ऑल-स्टार संघात निवड झाली होती. मी आपला त्याच्या बाजूने! आम्ही परत आलो आणि डिसेंबरमध्ये जावयांचा फोन, तुमच्या एडविनला अॅरिझोनाला दिलं म्हणून.

'दिलं' हे क्रियापद मी मुद्दाम वापरतो आहे. मुलगी दिली, गाय दिली, तसं. तिकडे संघ आपापसात खेळाडूंची अदलाबदल करतात, त्याला ट्रेड म्हणतात. बहुतेक वेळा खेळाडूला विचारायची गरज नसते. याचा इतिहास जुना आहे. पूर्वी करारात असं कलम असे की एकदा एका संघाचा झालास की कायमचा त्याच संघाचा, मात्र संघाला वाटेल तेव्हा तो तुला दुसऱ्याला देऊ शकतो. कर्ट फ्लड हा सेंट लुईस कार्डिनल्सचा नावाजलेला खेळाडू, बारा हंगाम त्या संघात काढलेला. १९६९ मध्ये त्याला फिलाडेल्फियाला दिलं, तर तो म्हणाला, जाणार नाही. प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९७२ मध्ये पाच विरुद्ध तीन मतांनी तो हरला. त्याची कारकीर्द त्यातच संपली. पण विषय पेटला होता. १९७५ च्या डिसेंबरात लवादाने दोन पिचर्सच्या बाजूने निकाल दिला आणि ते जुनं कलम ढासळलं. त्यातला एक, अँडी मेसरस्मिथ, डॉजर्सचाच.

फ्लडच्या लढ्यानंतर आणखी एक नियम आला. खेळाडूची मेजर लीगमध्ये दहा वर्षं झाली असतील आणि त्यातली शेवटची पाच सलग एकाच संघात, तर त्याच्या संमतीशिवाय त्याची अदलाबदल करता येत नाही. एडविनची दहा वर्षं कधीच भरली. एका ठिकाणी सलग पाच मात्र कधीच झाली नाहीत, फार तर तीन हंगाम. म्हणजे ज्याला सतत हलवतात त्याला 'हलणार नाही' म्हणायचा हक्क मिळत नाही. हा नियम वाचून मला हसूच आलं. आम्हा शिक्षकांचे बदल्यांचे नियमही साधारण असेच असत!

आता २५ जून २०१०. अॅरिझोनाकडून तो टँपा बेला खेळायला गेला, म्हणजे ज्यांनी त्याला देऊन टाकलं त्यांच्याच मैदानावर. पिचरने पूर्ण नऊ इनिंग टाकून प्रतिस्पर्ध्याला एकही हिट मिळू दिली नाही तर त्याला नो-हिटर म्हणतात. भल्याभल्यांच्या नशिबी हे आयुष्यात एकदाही येत नाही. पण त्या दिवशी एडविनचा चेंडू पहिल्यांदा जागेवर पडतच नव्हता. चार चेंडू चुकीचे गेले की बॅटरला फुकट पहिल्या बेसवर जाता येतं, आणि असे सात जण त्याने पहिल्या तीन इनिंगमध्ये सोडले. तिसऱ्या इनिंगमध्ये तर तिन्ही बेस भरलेले आणि बाद एकही नाही. तिथून तो एकही रन न देता सुटला. त्याच्या संघानेही अख्ख्या सामन्यात एकच रन केला होता, अॅडम लारोशचा होमरन. म्हणजे घसरायला जागाच नाही. मग मात्र हात बसत गेला. एरवी शंभरच्या आसपास चेंडू झाले की पिचरला काढून घेतात. याने टाकले १४९. आपल्या भाषेत एका दमात २४ षटकं पाच चेंडू, आणि तेही पूर्ण ताकदीने. सामना १-० असा जिंकला, हिट एकही नाही, फुकट सोडलेले आठ.

सुबक नो-हिटर पुष्कळ असतील. मला हा जास्त मोलाचा वाटतो. हात ऐकत नाही हे तीस मिनिटांत कळल्यावर पुढचे दोन तास उभं राहणं म्हणजे काय, हे ज्याने रोजचं काम केलं आहे त्याला कळेल.

त्यानंतर पस्तिसाव्या दिवशी अॅरिझोनाने त्याला शिकागो व्हाइट सॉक्सला दिलं.

आणि पुढच्या वर्षी तर कहरच झाला. २७ जुलै २०११ रोजी व्हाइट सॉक्सनी त्याला टोरंटो ब्लू जेजला दिलं आणि टोरंटोने त्याच दिवशी सेंट लुईसला! टोरंटोचा सदरा अंगाला लागलाच नाही. सेंट लुईस म्हणजे तोच कर्ट फ्लडचा संघ. टोरंटोहून एडविनबरोबर जे गेले त्यांत ऑक्टाव्हियो डोटेल नावाचा पिचर होता. याच डोटेलने पुढच्या वर्षी तेरा संघांचा विक्रम केला आणि तो नंतर एडविननेच मोडला. दोन फिरस्ते एकाच गाठोड्यात बांधून पाठवले होते, आणि गाठोडं बांधणाऱ्यांना याची कल्पना असायचं कारणच नव्हतं. ऑगस्टच्या उत्तरार्धात साडेदहा सामन्यांनी मागे असलेला तो संघ शेवटच्या दिवशी पुढच्या फेरीत शिरला आणि ऑक्टोबरात वर्ल्ड सिरीज जिंकला. चौथा सामना एडविन हरला होता, सात जण फुकट सोडून. तरी विजेत्यांची अंगठी ती अंगठीच.

पैशाचं म्हणाल तर ही काही हालअपेष्टांची गोष्ट नाही. वॉशिंग्टनला एक वर्ष काढल्यावर शिकागो कब्जने त्याच्याशी चार वर्षांचा ५२ दशलक्ष डॉलर्सचा करार केला. इथे मात्र तो फार वाईट खेळला. २०१३ मध्ये १८ पराभव, पुढच्या वर्षी १५. जुलै २०१५ मध्ये कब्जने करार संपायच्या आधीच त्याला सोडलं. पुढच्याच वर्षी ते १०८ वर्षांनी वर्ल्ड सिरीज जिंकले. हा तेव्हा मायामी आणि सॅन डिएगोत होता.

कब्जनंतर अटलांटा, पुढे बाल्टिमोर, पुन्हा वॉशिंग्टन... प्रत्येक ठिकाणी नवा कॅचर, नव्या खुणा, नवी खोली. माझ्या नोकरीत सहा बदल्या झाल्या. नव्या वर्गातली मुलं पहिल्या दिवशी मास्तरला कशी जोखतात ते मी जाणतो. तेव्हा चौदा वेळा तसं उभं राहणाऱ्याबद्दल मला कुतूहल आहे, दया नाही. हेटाळणी करणारे विसरतात की त्याला जितक्यांनी सोडलं, तितक्यांनी बोलावलंही. वेगवान चेंडू टाकणारा, वेळेवर हजर होणारा माणूस कुणाला तरी लागतच असतो. २०१८ च्या जूनमध्ये ओकलंडचे पिचर एकामागून एक जायबंदी झाले, तेव्हा त्यांनी याला घेतलं. हा तेरावा संघ. चौतिशीतल्या एडविनने तिथे ६ सामने जिंकले, ३ हरले आणि संघ ९७ विजयांसह बाद फेरीत गेला.

मे २०१९ मध्ये टोरंटोने त्याला पुन्हा घेतलं. आठ वर्षांपूर्वी राहून गेलेला सदरा अखेर अंगावर चढला आणि चौदावा आकडा पुरा झाला. हंगाम मात्र वाईट गेला, विजय ३ आणि पराभव १०, आणि शेवटचे सामने तो पुन्हा डेट्रॉइटकडून खेळला. २०२१ मध्ये टोकियो ऑलिंपिकला अमेरिकेच्या संघात होता, तिथे रौप्यपदक मिळालं. सप्टेंबर २०२२ मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली.

चौदाचा विक्रम आता त्याच्या एकट्याचा नाही. जुलै २०२५ मध्ये रिच हिल हा डावखुरा पिचर पंचेचाळिसाव्या वर्षी कॅन्सस सिटीकडून मैदानात उतरला. त्याचाही तो चौदावा संघ. दोन सामने झाले आणि त्यांनी त्याचं नाव संघातून काढलं.