पोटाचा फोटो : क्ष-किरणांची सव्वाशे वर्षे



शाळेत बीजगणित शिकताना ज्याची किंमत ठाऊक नाही त्याला आपण 'क्ष' म्हणतो. १८९५ सालच्या नोव्हेंबरच्या ८ तारखेला जर्मनीतील वुर्झबर्ग येथे विल्हेल्म राँटगेन या प्राध्यापकाला काही किरण सापडले. त्यांचे स्वरूप त्याला उमगेना, म्हणून त्याने त्यांना आपल्या लिपीतले अज्ञाताचे अक्षर दिले. मराठीने आपले अज्ञाताचे अक्षर त्यांना जोडले आणि 'क्ष-किरण' हा शब्द झाला. आमच्या परभणीच्या मोंढ्यात मात्र हा शब्द कोणी उच्चारीत नाही. तिथे म्हणतात 'फोटो'. पोटात कळ आली की हमाल दवाखान्यात जातो आणि पहिल्याच वाक्याला म्हणतो, "डॉक्टरसाहेब, एकदा फोटो काढून टाका की!"

एका शब्दाचा अर्थ 'ठाऊक नाही' असा, तर दुसऱ्याचा 'सगळे दिसले' असा. या दोहोंमध्ये जे अंतर आहे त्याविषयी मला आज बोलावयाचे आहे. मी वैद्य नव्हे. हमाल, जिनिंगमधल्या बाया आणि रेल्वेवरचे कंत्राटी मजूर यांच्या संघटनेत माझे आयुष्य गेले आणि जे काही वाचले ते कचेरीतल्या दिव्याखाली, रात्री. परंतु मजुराची तक्रार आणि मजुराचे पोट यांची फारकत करता येत नाही, म्हणून या विषयाकडे वळलो.

पहिली गोष्ट ही की, हा फोटो नव्हेच. ही सावली आहे. एका बाजूने किरण सोडावयाचे आणि शरीरातून पार होऊन दुसऱ्या बाजूला किती पोहोचले ते टिपावयाचे. हाड किरण अडवते म्हणून पांढरे दिसते, धातू त्याहून पांढरा, हवा काळी आणि मांस, रक्त, पाणी ही सगळी जवळजवळ एकाच करड्या रंगाची. राँटगेनने आपल्या पत्नीच्या हाताचे चित्र काढले त्यात बोटांची हाडे आणि अंगठी स्पष्ट उमटली. त्याने या शोधाचे पेटंट घेतले नाही, ही गोष्ट आजच्या काळात मुद्दाम सांगण्यासारखी आहे. १९०१ साली पदार्थविज्ञानाचे पहिले नोबेल पारितोषिक त्याला मिळाले.

हाड आणि धातू दिसतात म्हटल्यावर या किरणांचा पहिला मोठा उपयोग कुठे झाला असेल हे सांगावयास नको. आपल्याकडे १८९७-९८ साली वायव्य सरहद्दीवर तिराहची मोहीम झाली, तेव्हा बीव्हर नावाच्या लष्करी डॉक्टरने यंत्र तेथवर नेऊन जखमी शिपायांच्या अंगातल्या गोळ्या शोधल्या. पलटणीतली गोळी दिसली. पण रयतेच्या पोटातली कळ दिसायला पुष्कळ अवकाश होता. पोट हा सगळा मऊ मुलूख. तिथे सावलीत सावली मिसळून जाते.

यातून वाट काढली ती अमेरिकेत हार्वर्ड येथे शिकत असलेल्या वॉल्टर कॅनन या विद्यार्थ्याने. १८९६ च्या अखेरीपासून त्याने प्राण्यांना बिस्मथचा क्षार कालवलेले अन्न खाऊ घातले आणि ते अन्ननळीतून, जठरातून कसे सरकते हे क्ष-किरणांच्या पडद्यावर पाहिले. त्यातच त्याच्या ध्यानात आले, की मांजर भेदरले वा चिडले म्हणजे जठराची हालचाल थांबते. पोटावर मनाचा अंमल चालतो, हे आपल्या आजीलाही ठाऊक होते. पण ते डोळ्यांनी पाहिले गेले ते असे. पुढे बिस्मथची बाधा होते असे आढळल्यावर १९१० च्या सुमारास बेरियम सल्फेट आले. आजही बेरियम पाजून फोटो काढतात तो हाच प्रकार. त्यासाठी उपाशी पोटी जावे लागते. नंतर एकदोन दिवस शौचास पांढरे होते आणि कोठा बांधतो, म्हणून भरपूर पाणी प्यावे.

काही न पाजता जो साधा फोटो काढतात त्याला उपास लागत नाही. तो काय सांगतो? आतडे अडकले असेल तर फुगलेल्या आतड्यात हवेखाली पाण्याच्या आडव्या रेघा दिसतात. जठराला वा आतड्याला छिद्र पडले असेल तर उभ्याने घेतलेल्या फोटोत छाती आणि पोट यांमधल्या पडद्याखाली हवेची काळी कोर उमटते. अशा कोरीने शस्त्रक्रिया वेळेवर होऊन असंख्य प्राण वाचले आहेत. पोराने नाणे गिळले, सेल गिळला, तर तो कुठवर गेला ते कळते. मूत्रपिंडातले बहुतेक खडे दिसतात, कारण त्यांत चुना असतो. परंतु युरिक आम्लाचे खडे दिसत नाहीत. पित्ताशयातले बहुतेक खडेही दिसत नाहीत, अपेंडिक्सची सूज दिसत नाही, जठरातला व्रण दिसत नाही. आणि आमच्या हमालाला ज्याची भीती सदोदित, तो अंतर्गळ, म्हणजे हर्निया, तोही साध्या फोटोत सहसा दिसत नाही. तो डॉक्टर उभे करून, खोकायला लावून, हाताने पाहतात. क्विंटलाची पोती पाठीवर वाहणारा माणूस "फोटो साफ आला" म्हणून दुसऱ्या दिवशी थप्पीवर चढतो आणि महिन्याभराने आतडे अडकून दवाखान्यात येतो, तेव्हा चूक यंत्राची नसते. यंत्राने फक्त जे विचारले तेवढेच सांगितलेले असते. डॉक्टरने हात लावून न तपासता नुसता फोटो लिहून दिला, तर हात लावून पाहण्याची विनंती करण्यात संकोच कसला?

आता या सावलीची किंमत कोणी मोजली ते पाहू. किरण दिसत नाहीत, लागत नाहीत, वास येत नाही, म्हणून आरंभी कोणी जपलेच नाही. एडिसनच्या कारखान्यात क्लॅरेन्स डॅली नावाचा काचेच्या नळ्या फुंकणारा कारागीर होता. नळी नीट चालते की नाही हे पाहण्यासाठी तो स्वतःचा हात किरणांत धरीत असे. हात भाजले, चिघळले, कर्करोग झाला. एक हात कापला, मग दुसरा. आणि १९०४ साली एकोणचाळिसाव्या वर्षी तो वारला. एडिसनने क्ष-किरणांचे काम सोडून दिले. मालकाला काम सोडता येते! १९३६ साली जर्मनीत हँबर्ग येथे या कामात बळी पडलेल्यांचे स्मारक उभारले, त्यावर आरंभीच १६९ नावे कोरावी लागली. आज क्ष-किरणांच्या खोलीत काम करणाऱ्याच्या छातीवर जो लहानसा बिल्ला दिसतो, तो त्याच्या अंगावर किती किरण पडले याची नोंद ठेवतो. त्या बिल्ल्यामागे ही सारी माणसे आहेत.

रुग्णाचे काय? त्याचा प्रश्न पुढे आला तो विसाव्या शतकाच्या मध्यास, आणि तो पुढे येण्यात मुंबईच्या पैशाचा वाटा आहे हे फार थोड्यांना ठाऊक असेल. १९३१ साली दोराबजी टाटा यांच्या पत्नी मेहेरबाई रक्ताच्या कर्करोगाने निवर्तल्या. दुसऱ्याच वर्षी त्यांच्या नावाने, याच रोगाच्या संशोधनासाठी, लेडी टाटा मेमोरियल ट्रस्ट स्थापन झाला. पुढे १९५० नंतरच्या दशकात ऑक्सफर्डच्या डॉक्टर ॲलिस स्ट्यूअर्ट यांना प्रश्न पडला, की लहान मुलांना रक्ताचा कर्करोग पूर्वीपेक्षा अधिक का होतो आहे? पैसे द्यायला फारसे कोणी तयार नव्हते. या ट्रस्टने एक हजार पौंड दिले. टाटांच्या गिरण्यांतल्या घामाचा हिशेब आम्ही संघटनेवाले वेगळा मांडतो, तो मांडूच. पण हे हजार पौंड सत्कारणी लागले हे कबूल केले पाहिजे.

स्ट्यूअर्टबाईंची रीत साधी होती. डॉक्टरांच्या ध्यानात आले नाही ते कदाचित आईच्या ध्यानात असेल, असे त्यांना वाटले. कर्करोगाने दगावलेल्या मुलांच्या आया आणि धडधाकट मुलांच्या आया, दोघींना सारखेच प्रश्न गावोगावच्या आरोग्याधिकाऱ्यांकडून विचारविले. उत्तरे जमली तेव्हा एक गोष्ट ठळक दिसली : गरोदरपणी पोटाचा क्ष-किरण फोटो काढला होता असे सांगणाऱ्या आया पहिल्या गटात जवळजवळ दुप्पट होत्या. त्या काळी मूल आडवे आहे का, जुळे आहे का, कंबरेचे हाड पुरेसे रुंद आहे का, हे पाहण्यासाठी सर्रास असे फोटो काढीत. १९५६ साली हा निष्कर्ष थोडक्यात आणि १९५८ साली सविस्तर छापून आला. तज्ज्ञमंडळी म्हणाली, बायकांच्या आठवणीवर काय विश्वास ठेवायचा? पण १९६२ साली अमेरिकेत ब्रायन मॅकमोहन यांनी आयांच्या आठवणीवर न विसंबता रुग्णालयांतील नोंदी तपासल्या, आणि त्यांनाही धोका वाढलेलाच आढळला. तरी वैद्यकाची रीत बदलायला आणखी वर्षे लागली.

इथे दोन्ही बाजूंनी नीट समजून घेतले पाहिजे. ज्या बाईची पाळी चुकली आहे वा दिवस गेल्याची शंका आहे, तिने फोटोच्या टेबलावर चढण्यापूर्वी ते सांगितलेच पाहिजे. सासूसमोर बोलण्याची लाज वाटत असेल तर आतल्या माणसाला हळूच सांगावे, पण सांगावे. उलटपक्षी, दिवस गेलेले ठाऊक नसताना एखादा फोटो निघाला म्हणून घाबरून गर्भ पाडून घेण्याचे कारण नाही. मुलांचा कर्करोग मुळात विरळा. विरळ्याची दुप्पट विरळीच राहते. एका साध्या फोटोने गर्भाला पोहोचणारे किरण फार थोडे असतात आणि तेवढ्यासाठी गर्भपाताचा सल्ला शास्त्र देत नाही.

गर्भाकडे पाहण्याची बिनधोक वाट सापडली ती कारखान्यात. १९५५ साली स्कॉटलंडमध्ये इयन डोनाल्ड नावाचे डॉक्टर बॉयलर बनविणाऱ्या कंपनीत शस्त्रक्रियेत काढलेल्या गाठी घेऊन गेले आणि लोखंडातली भेग शोधणारे ध्वनिलहरींचे यंत्र त्यांवर लावून पाहिले. १९५८ साली त्यांनी पोटातल्या गाठींचा लेख प्रसिद्ध केला. हीच आपली सोनोग्राफी. तिचा आपण मुली मारण्यासाठी उपयोग केला आणि १९८८ साली महाराष्ट्राला व १९९४ साली देशाला कायदा करावा लागला, ही कहाणी या व्यासपीठावर दुसऱ्या कोणी सांगावी इतकी मोठी आहे.

पोटाच्या साध्या फोटोत किरण किती लागतात? जमीन, आकाश आणि अन्न यांतून आपल्या सर्वांना वर्षभर थोडे किरण मिळतच असतात. जगाची सरासरी सुमारे २.४ मिलिसिव्हर्ट धरतात. पोटाचा एक फोटो म्हणजे अदमासे ०.७, म्हणजे तीनचार महिन्यांची नैसर्गिक भर. छातीच्या फोटोच्या मानाने हे कितीतरी पट अधिक आणि पोटाच्या सीटी स्कॅनच्या मानाने सुमारे दहावा हिस्सा. गरज असेल तिथे ही किंमत क्षुल्लक आहे. गरज नसेल तिथे एक पैसाही महाग. म्हणून विचारावे, "या फोटोने काय कळेल? मागच्या महिन्यात काढलेला चालणार नाही का?" यंत्राला १९८३ साली स्थापन झालेल्या अणुऊर्जा नियामक मंडळाचा परवाना लागतो; तो आहे का हेही विचारता येते. कमरेचा करदोडा, ताईत, खिशातली नाणी, किल्ल्या, पिना आधी काढून ठेवाव्यात, नाहीतर त्यांची सावली पडून फोटो पुन्हा काढावा लागतो. "श्वास रोखा" म्हटले की रोखावा. हलले तरी पुन्हा तेच.

आता मराठवाड्यातलाच एक खटला सांगतो. १९६३ च्या जुलैत औरंगाबादच्या सरकारी रुग्णालयात एक बाई बाळंत झाली. १३ तारखेला तिची कुटुंबनियोजनाची शस्त्रक्रिया झाली. मग ताप चढला, पोट असह्य दुखू लागले. १९ तारखेला दुसऱ्या डॉक्टरांनी पोट पुन्हा उघडले तेव्हा आत पू आणि शस्त्रक्रियेत वापरलेले कापड राहिलेले सापडले. २४ तारखेला ती वारली. नवऱ्याने सरकारवर दावा लावला. खालच्या कोर्टाने ३६,००० रुपये भरपाई दिली, हायकोर्टाने ती फिरविली आणि अखेर २० फेब्रुवारी १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा कायम केली. तेहतीस वर्षे! अशी चूक घडते तेव्हा हलगर्जीपणा आपोआप सिद्ध होतो आणि सरकार आपल्या नोकराच्या चुकीला जबाबदार असते, हे त्या निकालाने ठरविले.

नुसते कापड क्ष-किरणांना मांसासारखेच भासते. म्हणून शस्त्रक्रियेच्या कापडात बेरियम भरलेला धागा विणण्याची पद्धत आली. तो धागा फोटोत पांढऱ्या वेड्यावाकड्या रेघेसारखा उमटतो. पोट शिवण्यापूर्वी कापडे मोजणे हा पहिला पहारा, हा धागा दुसरा. शस्त्रक्रियेनंतर दिवसेंदिवस ताप उतरत नसेल आणि पोट दुखत असेल, तर "कापडे मोजली होती का, ती धाग्याची होती का, फोटो काढता का?" हे तीन प्रश्न नातेवाइकांनी शांतपणे विचारावेत. अशा वेळी मात्र फोटो मागण्यात मागेपुढे पाहू नये.

आणि फिल्म व तिच्यासोबतचा लेखी अहवाल घरी आणावा. डॉक्टरांसाठी २००२ साली झालेल्या नियमांनुसार रुग्णाने मागितल्यास त्याचे कागद ७२ तासांच्या आत द्यावे लागतात. अलीकडे पुष्कळ ठिकाणी फिल्म न देता चित्र मोबाईलवर पाठवितात. तो मोबाईल मुलाचा असतो, आणि मुलगा पुण्याला. तेव्हा अहवालाचा कागद तरी मागून घ्यावा, त्यावर तारीख आहे ना हे पाहावे आणि रेशनकार्ड जिथे ठेवता तिथेच तो ठेवावा.